मायाप्पाचा जबाब

मंत्र्यांच्या गाड्यांची धूळ ओढ्यापलीकडे दिसायला लागली, तेव्हा मायाप्पा वाडग्याच्या कवाडात आडवा उभा होता आणि मला आत सोडत नव्हता.

"रातच्याला कुठं निजलास?" त्यानं विचारलं.

"रेस्टहाउसवर. मंत्री होते ना सोबत."

"मग आज आत जायचं न्हाय."

वाडगं म्हणजे आमच्या माळावरचं बाभळीच्या काट्यांचं गोल कुंपण. आत मधोमध एक जाड मेख रोवलेली आणि मेखेला माझा वळू, काजळ्या. पांढराशुभ्र खिल्लार, डोळ्यांना काजळ घातल्यासारख्या काळ्या कडा, शिंगं हातभर मागं गेलेली. त्याची आई त्याला जन्म देऊन तासाभरात मेली होती. मी बोटं दुधात बुडवून त्याला चाटवली आणि जगवला. चार वर्षांचा झाला होता आणि तालुक्यात त्याच्या तोडीचा वळू नव्हता.

आमच्यात एक रीत आहे. परगावाहून आलेल्या माणसानं आधी एक रात्र गुरांत काढायची. जुनं घोंगडं टाकून तिथंच झोपायचं, अंगाला शेणामुताचा वास लागू द्यायचा आणि मगच वळूपुढं जायचं. खिल्लार जनावर डोळ्यापेक्षा नाकानं माणूस ओळखतं. नाकाला जो परका, तो त्याचा वैरी. मी साडेतीन आठवडे नागपूरला अधिवेशनात होतो. आदल्या दिवशी आलो तो थेट मंत्र्यांच्या पंगतीला बसलो. अंगात इस्त्रीचा झब्बा, त्यावर जाकीट, कानात अत्तराचा फाया आणि डोक्याला वासाचं तेल.

"त्याला वाटंल कुणीतरी पुढारी आलाय," मायाप्पा म्हणाला.

"मी पुढारीच आहे, मामा."

"त्येच म्हंतो मी."

मायाप्पा मेटकरी आमच्या वडिलांच्या वेळेपासूनचा गुराखी. धार काढायला, खोंड वेसणायला आणि मोजक्या शब्दांत शिव्या द्यायला मला त्यानंच शिकवलं. मी आमदार झालो आणि अख्खा तालुका मला साहेब म्हणायला लागला. हा मात्र 'बिरा' सोडून दुसरं काही म्हणाला नाही. मंत्र्यांना उद्या यायला सांग, असं त्यानं सुचवलं. मंत्री म्हणजे काय एसटी आहे, रोज यायला, असं मी त्याला सुनावलं. त्याच्या म्हणण्यात तथ्य आहे हे मला कळत होतं, म्हणून तर आवाज चढला होता.

माझी अडचण अशी होती. साठ गाईंचा मालक, अपक्ष निवडून आलेला, बोलण्यात रांगडा, म्हणून सभागृहात मला 'बैलवाले' म्हणायचे. त्या अधिवेशनात मी खिल्लार पैदास केंद्राची मागणी लावून धरली. दोनशे एकर गायरान, गुरांचे डॉक्टर, बारमाही चारा. आमच्याकडं दर दुष्काळात लोक गाई मातीमोल विकत होते आणि आणखी वीस वर्षांत ही जात चित्रातच बघायला मिळाली असती. तर ऊसपट्ट्यातले एक सभासद उठले आणि म्हणाले, हे जनावर मारकं, माणसाच्या जिवावर उठणारं, सरकारनं ते कशाला पोसावं? बाकं वाजली. सभागृह हसलं. मला कुणी हसलेलं सहन होत नाही, हा माझा जन्माचा दोष.

मी उभा राहून म्हणालो, "खिल्लार परक्याला मारतं, मालकाला नाही. माझा वळू मी मोकळा सोडतो आणि त्याच्या गळ्यात हात टाकून उभा राहतो. मंत्रिमहोदयांनी येऊन बघावं."

मंत्री हौशी होते. येतो म्हणाले आणि खरं ठरलं तर तिथंच केंद्र जाहीर करतो असंही बोलून गेले. कामकाजात ते नोंदलं गेलं. म्हणून मायाप्पा कवाडात उभा असताना मला तो दिसतच नव्हता, दिसत होतं ते केंद्र. मी त्याला खांद्यानं बाजूला सारलं. तो माझ्या आधी आत गेला, मेखेचा कासरा हातात घेतला आणि मेखेला दोन वेढे देऊन उभा राहिला.

कुंपणाबाहेर लाकडी मंच बांधला होता. मंत्री, अधिकारी, दोन फोटोवाले, फौजदार, त्यांचे हवालदार आणि चारएकशे माणूस. माझे स्वीय सहायक दिघे फोटोवाल्यांना कुठून चांगला फोटो येईल ते दाखवत होते. मी आत शिरलो. काजळ्यानं मान वर केली. नाकपुड्या फुलवल्या आणि पुढच्या खुरानं माती मागं फेकली.

"हो रं, काजळ्या," मी म्हणालो.

आवाजाला त्याचा कान वळला. एवढं मला अजून आठवतं. कान वळला, पण नाक मान्य करेना. माझा कडक झब्बा चालताना वाजत होता. मी दहा पावलांवर थांबलो. तेवढ्यात मंचावरून मंत्र्यांचा आवाज आला, "आमदार, दोर तर बांधलेलाच आहे की!" आणि लोक हसले. नागपुरात हसले होते तसेच.

"मामा, सोड कासरा," मी म्हणालो.

"न्हाय."

"सोड म्हणतो ना."

मायाप्पानं माझ्याकडं बघितलं. "बरं, साहेब," तो म्हणाला. उभ्या जन्मात त्यानं मला साहेब म्हटलं ते तेव्हा. त्यानं वेढे सोडवले आणि कासरा खाली टाकला.

काजळ्या आला तो मान खाली घालूनच. मी त्याला हाक मारली, दुसरी हाक तोंडातच राहिली. मायाप्पा बाजूनं धावला आणि त्यानं वेसणीला हात घातला. साठीचा माणूस, पण पकड अशी की वळूची मान वळली. मान वळली म्हणून मी वाचलो. शिंग मायाप्पाच्या जांघेत शिरलं आणि ओटीपोटापर्यंत वर गेलं. काजळ्यानं त्याला उचललं. मायाप्पाचे दोन्ही पाय हवेत होते आणि हात अजून वेसणीलाच होते. मग काजळ्यानं मान झटकली, मायाप्पा मेखेवर आदळला आणि मांडीचं हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. वाळलेली फांदी मोडावी तसा. काजळ्यानं त्याला दुसऱ्यांदा शिंगावर घेतलं. तिसऱ्यांदा जमिनीवरच रगडलं.

मी काय केलं ते सांगायला हवं. मी पळालो. कुंपणावर चढलो, काट्यांत जाकीट अडकलं आणि मी तिथं लटकत राहिलो. चारशे माणसांनी ते बघितलं.

मग गडी बांबू घेऊन आत घुसले. कुणी दगड मारले, कुणी कुदळीचा दांडा मारला. एका पैलवानाला काजळ्यानं उडवला, त्याचा जबडा फुटला आणि दात मातीत पडले. एका बांबूचं टोक काजळ्याच्या डाव्या डोळ्यात गेलं. तो आडवातिडवा धावायला लागला, कुंपणाला धडकायला लागला आणि शेवटी पलीकडच्या कडेला जाऊन उभा राहिला. तेवढ्यात मी खाली उतरलो आणि मायाप्पाला काखेत धरून बाहेर ओढलं. त्याचं रक्त माझ्या छातीवर, पोटावर सगळीकडं लागलं. जाकीट कुंपणावर राहिलं होतं, झब्बा मी फाडून त्याच्या जांघेत कोंबला. त्याची बायको ठकूमामी गोठ्याकडून धावत आली. ती रडली नाही. जीपमध्ये चढली, त्याचं डोकं मांडीवर घेतलं आणि ड्रायव्हरला म्हणाली, "हाण." जिल्ह्याचा दवाखाना बावीस मैल होता.

मी जीपमध्ये बसलो नाही. मंत्री अजून तिथंच होते ना.

ते गाडीत बसले होते आणि काचा वर होत्या. दिघे त्यांच्याशी बोलून माझ्याकडं आले. चांगला माणूस होता, मला वर काढण्यासाठी झटायचा. त्यानं मला सरळ हिशेब सांगितला. मंत्री म्हणतात, मारकी जात आहे, केंद्र विसरा. पण एक जनावर मारकं निघालं आणि मालकानंच ते तिथल्या तिथं संपवलं, तर जातीवरचा डाग जाईल. गुराख्याच्या हलगर्जीपणानं कासरा सुटला, असं झालं की आपल्यावरही काही येत नाही. "साहेब, पण लगेच करायला हवं. ते निघतील." फौजदार म्हणाले, वरून हुकूम आल्याशिवाय आम्हाला गोळी चालवता येत नाही. लांडग्यांसाठी घरात माझी परवान्याची बाराबोअर होती. ती आणवली.

मी आत गेलो आणि काजळ्याला गोळी घातली. ती कशी घातली ते पुढं सांगतो. मंत्र्यांनी काच खाली केली, गाडीतून उतरले आणि चारशे माणसांसमोर माझा हात धरून वर केला. फोटोवाल्यांनी फोटो काढले. केंद्र तिथंच जाहीर झालं.

दवाखान्यात पोचलो तेव्हा दुपारचे चार वाजले होते. मायाप्पाला ऑपरेशनला घ्यायचं होतं आणि त्याआधी जबाब घ्यायला हवालदार आला होता. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, की काही सांगता येत नाही, बोलायचं ते बोलून घ्या. मायाप्पाचा चेहरा राखेसारखा झाला होता, पण शुद्ध होती. त्यानं हवालदाराला बाहेर थांबायला सांगितलं.

"काजळ्या?" त्यानं विचारलं.

"आहे."

"मारलं न्हाय न्हवं कुणी?"

"नाही."

"बिरोबाची आण घे."

माझं नाव बिरोबाचं. माझ्या आईनं नवस करून ठेवलेलं. मी म्हणालो, "बिरोबाची आण. वाडग्यात बांधलाय."

तो थोडा वेळ डोळे मिटून पडला. मग सावकाश बोलला. मी त्याचे शब्द आहेत तसे सांगतो.

"जनावराचा गुन्हा झाला, तर त्येला गोळी घालत्यात. तुझा झाला, तर केंद्र जातंय. मग मीच बरा. पर तू त्येला जगवायचं. त्येची काय चूक न्हाय, बिरा. त्येला वास लागला न्हाय."

मी मान हलवली. माझ्या खिशात काडतुसाची रिकामी पुंगळी होती. कधी ठेवली कोण जाणे. हवालदार आत आला आणि मायाप्पानं सांगितलं, कासरा माझ्या हातनं सुटला, आमदारांची काय बी चूक न्हाय, चूक माझीच. हवालदारानं ते लिहून घेतलं, वाचून दाखवलं आणि मायाप्पाचा अंगठा शाईत बुडवून कागदावर टेकवला. ठकूमामी खाटेच्या पायथ्याशी उभी होती. माळावरून मागाहून आलेल्या माणसानं तिला वळूचं सांगितलं होतं, हे मला नंतर कळलं. ती माझ्याकडं बघत होती आणि बोलत नव्हती. नवरा मरायला टेकलेला असताना कोण काय बोलणार?

पण तो मेला नाही. अडीच महिने खाटेवर पडून राहिला. आतडं शिवलं, मांडीत सळई घातली आणि पाय चार बोटं आखूड झाला. मी दर आठवड्याला जायचो. दर वेळी तो काजळ्याचं विचारायचा आणि दर वेळी मी सांगायचो. डोळ्याची जखम भरतेय. वैरण खातोय. तुझ्या घोंगड्यावर नाक ठेवून बसतो. एक खोटं पचलं की माणूस सुगरण होतो, रोज नवीन पदार्थ करून वाढतो. डॉक्टरांनी धक्का देऊ नका म्हणून सांगितलं होतं, त्या पांघरुणाखाली मी, मामी, सगळेच लपलो.

माझा बंदूक घेतलेला फोटो पेपरात आला होता. खाली लिहिलं होतं, जनतेसाठी लाडक्या वळूवर गोळी. पुढची निवडणूक मी त्याच फोटोवर एकोणतीस हजारांनी जिंकली. कुंपणावर लटकलेला फोटो कुणी छापला नाही. दिघ्यांनी तेवढी काळजी घेतली होती.

मार्चमध्ये मायाप्पाला घरी सोडलं. मुंबईत अर्थसंकल्पाचं अधिवेशन चालू होतं, ते सोडून मी आलो. मीच सांगायचं असं ठरवलं होतं, पण बावीस मैलांत माझं तोंड उघडलं नाही. जीप त्याच्या घरापाशी थांबली. तो उतरला, कुबडी काखेत घेतली आणि घराकडं न जाता वाडग्याकडं निघाला. मामी मागून म्हणाली, आधी भाकरी खावा. त्यानं ऐकलं नाही. ती थांबली आणि मी त्याच्यामागं गेलो.

कवाड उघडंच होतं. आत मेख होती, बाकी काही नव्हतं. कुंपणाच्या काट्यांवर चिमण्या बसल्या होत्या. मायाप्पानं खाली वाकून माती हातात घेतली, हुंगली आणि टाकली. जुनी माती, बिनशेणाची. त्याला तेवढ्यावरून कळलं.

"कंदी?" त्यानं विचारलं.

"त्याच दिवशी."

"मी जबाब दिला त्याच्या आदी का मागनं?"

"आधी."

त्यानं कुबडी मातीत रोवली. मी वाट बघत होतो की तो ओरडेल. तो ओरडला नाही. त्याला काहीतरी जुळवायचं होतं.

"कुणी घातली?"

"मी."

"आंगात काय व्हतं तुज्या?"

"नुसता बनियन. झब्बा तुझ्या जखमेत कोंबला होता."

"रगात लागलं व्हतं?"

"तुझंच. छातीभर."

"घाम?"

"होता."

"शेणात लोळला व्हतास?"

"तुला ओढताना पडलो होतो."

चाळीस वर्षं गुरांमागं काढलेला माणूस, त्याला वास दिसायचे. तो म्हणाला, "म्हंजी वळखलं आसंल त्येनं तुला."

मी तोवर हे कुणालाही सांगितलं नव्हतं. दिघ्यांना नाही, बायकोला नाही. त्याला सांगितलं.

मी बंदूक घेऊन आत गेलो तेव्हा काजळ्या कडेला उभा होता. डाव्या डोळ्यातून रक्त गळत होतं, जीभ बाहेर आली होती. मी वीस पावलांवर थांबलो. त्यानं नाक वर केलं. एकदा हुंगलं, दोनदा हुंगलं. मग फुर्र केलं, लहानपणी दुधाचं भांडं दिसलं की करायचा तसं, आणि चालत माझ्याकडं आला. धावत नाही, चालत. माझ्यापुढं येऊन त्यानं गळा पुढं केला. गळ्याखालची पोळी खाजवून घ्यायची त्याची सवय होती. मी डाव्या हातानं खाजवलीसुद्धा. तो थरथरत होता. कुंपणापलीकडच्या माणसांना तो दमून थांबल्यासारखा दिसला असेल आणि मागून दिघे हळू आवाजात म्हणत होते, "साहेब, मंत्री बघतायत."

मला एवढं कळत होतं, की हा गरीब ठरला तर गुन्हेगार मी. मीच कासरा सोडायला लावला, मीच रात्र गुरांत काढली नाही, मीच पळालो. आणि हा मारका ठरला, तर सगळं सुटतं. मी नळी त्याच्या कानामागं टेकवली. तो हलला नाही. नळीही त्यानं माझाच हात समजून घेतली असेल.

हे सांगून होईपर्यंत मायाप्पा मेखेकडं बघत होता. मग त्यानं कुबडी उचलली आणि माझ्या तोंडावर मारली. ताकदीनं मारली. माझं नाक फुटलं, वरचा ओठ दातांवर चिरला आणि मी गुडघ्यांवर आलो. त्यानं पुन्हा उचलली आणि बरगड्यांत मारली. एका पायावर तोल जाऊन तो स्वतःही मेखेवर पडला, मेखेला धरून उठला आणि तिसऱ्यांदा उचलली. मी हात आडवा केला नाही. खरं सांगायचं तर मला ती हवी होती. त्यानं मारलं असतं, मी पडलो असतो, दोघांचं फिटलं असतं. कवाडाकडून गडी ओरडत येत होते. आमदारावर हात उचलला म्हणून त्यांनी त्याला तिथंच तुडवला असता. मी तोंडातलं रक्त थुंकून त्यांना मागं व्हायला सांगितलं.

मायाप्पानं माझ्याकडं बघितलं आणि कुबडी खाली घेतली. धाप लागली होती त्याला. शिवलेलं पोट त्यानं एका हातानं धरलं होतं.

मी म्हणालो, "मामा, चल फौजदाराकडं. मी खरं सांगतो. तुझा जबाब बदलून घेऊ."

"कशापायी?" तो म्हणाला. "जबाबात लिव्हलंय ते खरंच हाय. चूक माझीच. मी मधी पडाय नको व्हतं."

ठकूमामी आत आली होती. त्यानं तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि दोघं कवाडातून बाहेर पडली. दुसऱ्या दिवशी ती दोघं लेकीच्या गावाला निघून गेली, असं मला मुंबईत कळलं.